भिंतीतला पिंपळ

जुन्या पेढीच्या, वाड्याच्या किंवा मंदिराच्या भिंतीत उगवलेले पिंपळाचे रोप प्रथम कोणाच्या नजरेत भरत नाही. ते कोणी लावलेलेही नसते. पिंपळाचे फळ पंच उदुंबरांत मोडते. त्यात सूक्ष्म कीटकांची वस्ती असल्याने श्रावकास ते वर्ज्य. पक्ष्यांना मात्र ते प्रिय. बुलबुल, मैना, कोकीळ ही फळे खातात आणि मोहरीहूनही बारीक बी त्यांच्या विष्ठेतून छपराच्या कडेवर, पन्हळीच्या सांध्यात पडते. दरजांत साठलेली धूळ आणि पावसाची ओल, एवढ्यावर ते रुजते.

ओलाव्याच्या शोधात केसासारखे मूळ भेगेत शिरते, हळूहळू जाड होते आणि दगड-विटा अलग करते. फटीतून पाणी मुरते, चुना निखळतो, तुळया कुजतात. वरवर छाटल्याने पाने जातात. मूळ राहते आणि पुन्हा फुटवे येतात.

हा विलंब शतकांवर गेला तर काय होते, ते कंबोडियातील ता प्रोम मंदिरात दिसते. राजा सातवा जयवर्मन याने इ. स. ११८६ मध्ये उभारलेल्या या मंदिराच्या भिंतींना आज प्रचंड वृक्षांच्या मुळांचा विळखा आहे. वृक्ष काढावेत, तर मुळे कुजून दगड ढासळण्याची भीती; ठेवावेत, तर त्यांचा भार वाढतच राहतो. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागानेही तेथील जतनकार्यात हातभार लावला आहे.

वनस्पतीतही जीव मानणाऱ्या घरांत रोपाला हात लावण्यास मन धजत नाही. हा संकोच दयेचा खरा. पण त्याची परिणती अधिक हिंसेत होते. वाढलेल्या झाडावर शेवटी कुऱ्हाडच चालते, त्यावरची घरटीही जातात आणि भिंत पाडावी लागते ती वेगळीच. चार पानांचे रोप मात्र ओल्या भिंतीतून मुळासह अलगद सोडवता येते. ते आधी कुंडीत आणि मग इमारतीपासून दूर मोकळ्या जमिनीत वाढवता येते. रिकामी झालेली दरज चुन्याच्या बांधकामात चुन्यानेच भरावी.

दिवाळीत वहीपूजनापूर्वी दुकान-घराची झाडलोट होतेच. पावसाळा नुकताच सरलेला असतो, रोपे कोवळी असतात. त्याच वेळी गच्ची, पन्हळी आणि मागची भिंत पाहिली, तर इमारत वाचते आणि पिंपळही.