बाळकुम : कंसातली माणसं

ठाण्याहून जुन्या आग्रा रोडने भिवंडीकडे निघालं की कापूरबावडीनंतर बाळकुम नाका लागतो आणि पुढे कशेळीचा पूल. पुलाखाली उल्हासची खाडी, रस्त्यावर मेट्रो ५ चे खांब, दोन्ही अंगांना टॉवर. जून २०२० मध्ये महापालिकेने इथे १,०२४ खाटांचं कोविड रुग्णालय उभारलं, तेव्हा बाळकुम रोज बातम्यांत होतं. एरवी बाहेरच्यांना ठाऊक तो नाकाच. खरं गाव नाक्याच्या आत आहे. रिक्षावाल्याला नुसतं बाळकुम सांगून भागत नाही, पाड्याचा नंबर सांगावा लागतो.

वस्ती मूळची आगरी-कोळ्यांची. खाडीला बांध घालून खाजणात भात पिकवायचं, मासे धरायचे, मिठागरावर मजुरीला जायचं, असा या काठाचा संसार. उधाणाच्या भरतीला बांधाला खांड पडली की खारं पाणी शेतात शिरे आणि वर्षाचं भात जाई. नुसतं तेवढ्यावर भागत नसे. जमिनीतलं मीठ पावसाने धुऊन निघेपर्यंत पुढच्या हंगामाचीही खात्री नसे. कशेळी-काल्हेरच्या पट्ट्यात पुरुष डुबी मारून रेती काढत. होडीतून खाली जायचं, श्वास पुरेल तेवढ्यात बादली भरायची आणि वर यायचं. हे काम अंगातली ताकद असेतोवरच जमणारं.

अशा घरांच्या बखरी कोणी लिहिल्या नाहीत. तरी पूर्वजांचा माग लागतो तो सरकारी कागदांत, आणि जुना सातबारा वाचायला शिकलात तर एखाद्या कादंबरीइतका ऐवज त्यात आहे. गेलेल्याचं नाव कंसात टाकतात आणि खाली वारस चढतात. नावापुढे ‘ए.कु.मॅ.’ दिसलं तर थोरल्या भावाने एकत्र कुटुंबाचा कारभार पाहिला असं समजायचं. ‘अ.पा.क. आई’ दिसलं तर पोरं लहान असतानाच बाप गेला. ‘इतर हक्क’ या रकान्यात तगाई, सोसायटीचा बोजा, कुळाचं नाव. १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनानंतर अनेक कुळं याच रकान्यातून मालकीच्या रकान्यात गेली. त्यामागे किती हेलपाटे आणि किती दावे, ते मात्र फेरफारात उतरत नाही.

वंशावळ काढायची गरज पूर्वी लग्न जुळवताना पडे. ‘कोनाचा रं तू?’ एवढ्यावर काम होई. आता ती प्रतिज्ञापत्रावर लागते. इतर मागासवर्गाची जातपडताळणी करायची तर १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा हवा. मग बारावीची पोरं पणज्याच्या शाळेच्या दाखल्यामागे आणि कोतवाल बुकाच्या नकलेमागे धावतात. पणजा शाळेतच गेला नसेल तर शोध आणखी वाढतो. गरिबी अशीही तीन पिढ्यांनी आडवी येते.

दुसरं निमित्त जमिनीचं. १९८२ साली ठाणे महानगरपालिका झाली, आसपासची गावं शहरात आली आणि ज्या खारट तुकड्याला कोणी विचारत नव्हतं त्याला भाव आला. आता बाळकुम ते गायमुख हा खाडीकिनारी मार्ग आखला आहे. बिल्डर असो की भूसंपादन, पहिला प्रश्न वारसांचा. क्षेत्र तेच, नावं मात्र पिढीगणिक वाढलेली.

या यादीत सगळ्यात उशिरा येतात त्या लेकी. जुन्या उताऱ्यांत बहिणींची नावं कित्येकदा बोजाच्या शेजारी, इतर हक्कातच असायची. हे मला त्या कागदातलं सर्वांत बोलकं वाटतं. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि केंद्राने २००५ मध्ये मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत बरोबरीचा हक्क दिला. तेव्हापासून दुसऱ्या गावी नांदणाऱ्या आत्यांना माहेराहून बोलावणी येऊ लागली. साडीचोळी होते, जेवण होतं आणि मग हक्कसोडपत्र पुढे येतं. बऱ्याच जणी भावाचं मन राखायला सही करतात. हल्ली काही जणी पेन हातात घेण्याआधी विचारतात, ‘क्षेत्र किती आहे?’