अष्टपैलू कलावंत : पु. ल. देशपांडे

ठाण्याचे गडकरी रंगायतन, कल्याणचे आचार्य अत्रे रंगमंदिर ही नाट्यगृहे तुम्ही बाहेरून तरी पाहिली असतील. नाटकाची जाहिरात नीट वाचा. तिच्यात लेखक, दिग्दर्शक आणि कलाकार यांची नावे असतात. लेखक प्रसंग आणि संवाद लिहितो. नट ते रंगमंचावर साकार करतो. कोणी कुठे उभे राहायचे, कोणते वाक्य कसे बोलायचे, हे दिग्दर्शक ठरवतो. ही सारी कामे जो एकटा करू शकतो, त्याला आपण अष्टपैलू कलावंत म्हणतो. हॉलिवूडमध्ये चार्ली चॅप्लिन असा कलावंत होता. मराठीत असे पहिले आठवणारे नाव म्हणजे पु. ल. देशपांडे.

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. जोगेश्वरीच्या इस्माईल युसुफ कॉलेजात ते शिकले. पुढे त्यांनी कारकुनी केली आणि मुलांना शिकवलेही. पेटी तर ते सुरेख वाजवत.

१९५३ साली त्यांचा 'गुळाचा गणपती' हा चित्रपट आला. गुळाचा गणपती म्हणजे भोळा, मंद माणूस. या चित्रपटाची कथा, पटकथा आणि संवाद पु. लं.नी लिहिले, संगीत दिले, दिग्दर्शन केले आणि नायकाची भूमिकाही केली. पुढे 'बटाट्याची चाळ' या प्रयोगात तर त्यांनी चाळीतली सारी माणसे एकट्याने उभी केली.

त्यांना हे कसे जमले? पु. ल. माणसांचे बोलणे मन लावून ऐकत. कोण कुठे थांबतो, कोणता शब्द ओढून बोलतो, हे त्यांच्या कानात राही. तेच त्यांच्या लेखणीतून आणि अभिनयातून बाहेर येई. रवींद्रनाथ टागोरांचे साहित्य मुळातून वाचता यावे, म्हणून त्यांनी पन्नाशीत बंगाली भाषा शिकून घेतली.

१९७५ साली त्यांचे 'ती फुलराणी' हे नाटक रंगमंचावर आले. ते बर्नार्ड शॉ यांच्या इंग्रजी नाटकावर आधारलेले आहे. पु. लं.नी लंडनची फुलवाली मराठी मुलखात आणली आणि तिला इथली रांगडी बोली दिली. भाषेचा एक प्राध्यापक तिला 'शुद्ध' बोलायला शिकवतो. ती शिकतेही, पण तिलाही मन आहे, हे तो विसरतो. भाषा बदलली म्हणजे माणसाची किंमत वाढते का, असा प्रश्न हे नाटक विचारते.

हा प्रश्न तुमचाही आहे. तुम्ही शाळेत उर्दू, बाजारात हिंदी आणि या तासाला मराठी बोलता. तुमची मराठी थोडी वेगळी वाटली, तर संकोच करू नका. एक भाषा शिकताना दुसरी कमी लेखायची नसते.

१२ जून २००० रोजी पुण्यात पु. लं.चे निधन झाले. त्यांची पुस्तके आजही वाचली जातात. त्यातले एखादे ग्रंथालयातून आणा आणि मोठ्याने वाचा. लोकलमध्ये, बाजारात कानावर पडणारी मराठीही लक्ष देऊन ऐका. पु. ल. असेच शिकले.