एक्क्याण्णवचे सोंग

स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या आमच्या मुलांना मी दरवर्षी एक प्रश्न घालतो: १, २, ५१, ५७, ८७, ९१, ९७ यांत मूळ संख्या किती? निम्मी मुले १ घेतात आणि सम म्हणून २ सोडतात. हवे नेमके उलटे. मूळ संख्येला विभाजक दोनच, १ आणि ती स्वतः. बिचाऱ्या १ ला विभाजक एकच.

५१, ५७, ८७ यांच्या अंकांची बेरीज केली की ३ ने भाग जातो हे कळते. खरे फसवते ते ९१. सम नाही, शेवटी ५ नाही, अंकांची बेरीज १०. पण तेरा साते एक्क्याण्णव! तेराचा पाढा तोंडपाठ असलेल्या पिढीपुढे हे सोंग टिकले नसते. उरल्या २ आणि ९७. म्हणून उत्तर दोन.

९७ बद्दल खात्री कशी? शंभराच्या आत २, ३, ५, ७ एवढ्यांनीच भागून पाहावे. १०० चे वर्गमूळ १०. दोन्ही अवयव दहापेक्षा मोठे असतील तर गुणाकार शंभर ओलांडतो. एरॅटोस्थेनिस या ग्रीक पंडिताच्या नावाची चाळणी याच तत्त्वावर चालते. १ खोडा, मग २, ३, ५, ७ ठेवून त्यांच्या पटी खोडा. २५ संख्या उरतात. घरी मुलांकडून जरूर करून घ्या.

प्रचंड संख्यांपुढे मात्र चाळणी थकते. तिथे झटपट आणि खात्रीने निवाडा करणारी रीत २००२ मध्ये कानपूर आयआयटीच्या मणींद्र अग्रवाल, नीरज कयाल आणि नितीन सक्सेना यांनी दिली. त्यातले कयाल आणि सक्सेना तेव्हा नुकतेच बी.टेक. झाले होते.