त्या जळगावची सतरा मजली

हॉस्टेलवर पहिल्याच रात्री सिनिअर्सनी 'इंट्रो' घेतला. मी गाव सांगितलं, जळगाव. लगेच मागून आवाज, "अरे वा, सतरा मजलीवाला!" मी म्हटलं, नाही सर, जळगाव जामोद, बुलडाणा जिल्हा. यावर जो हशा पिकला तो अजून कानात आहे.

मित्रहो, आमचं जळगाव सातपुड्याच्या पायथ्याशी आणि ते खान्देशातलं जळगाव आमच्यापासून शंभराहून जास्त किलोमीटर पश्चिमेला. असा घोटाळा होऊ नये म्हणूनच तर शेजारच्या जामोदचं नाव आम्ही मागे लावतो! उंच म्हणायला आमच्याकडे पाण्याची टाकी, देवळाचा कळस आणि मोबाइलचे टॉवर. पण त्या रात्रीपासून ही सतरा मजली डोक्यात बसली ती बसलीच. पुढे सिव्हिलला असल्यामुळे थोडं वाचलं, त्यातलं हे काही.

या इमारतीचं अधिकृत नाव सरदार वल्लभभाई पटेल टॉवर. लोक मात्र सतरा मजलीच म्हणतात. तिथे जळगाव महानगरपालिकेचं मुख्य कार्यालय आहे. गंमत अशी की ती बांधली तेव्हा महानगरपालिका नव्हतीच, नगरपालिका होती. महानगरपालिका झाली २००३ साली. म्हणजे एका नगरपालिकेने स्वतःसाठी सतरा मजले उभे केले. मंत्रालयात मुख्यमंत्र्यांचं दालन सहाव्या मजल्यावर आहे, एवढं सांगितलं तरी पुरे!

आता प्रश्न असा की का? मुंबईत जागा नाही म्हणून माणूस वर जातो, हे कुणालाही पटेल. २०११ च्या जनगणनेत जळगाव शहराची लोकसंख्या सुमारे चार लाख साठ हजार होती आणि शहराच्या आजूबाजूला केळीची शेतं पसरलेली. तिथे जमिनीची टंचाई हे कारण मला तरी पटत नाही. माझ्या मते कारण एकच : आम्हीही मोठे आहोत, हे लांबून दिसलं पाहिजे.

यात जळगाव एकटं नाही. अमेरिकेतल्या मध्यम शहरांनी हेच शंभर वर्षांपूर्वी केलं. सुरुवात अर्थात शिकागोची. तिथे १८९१ मध्ये पूर्ण झालेल्या मोनॅडनॉक इमारतीचा जुना भाग सोळा मजली आहे आणि सगळा भार विटांच्या भिंतींवर. तळाशी भिंतीची जाडी सहा फूट! म्हणजे खालचा मजला भिंतींनीच खाल्ला. याउलट तिथल्याच होम इन्शुरन्स इमारतीत, १८८५ मध्ये, लोखंड-पोलादाच्या सांगाड्याने भार घेतला होता. त्यानंतर भिंत म्हणजे नुसता पडदा उरला. राहिला प्रश्न चढण्याचा. तो ओटिसने आधीच सोडवला होता. १८५४ मध्ये न्यूयॉर्कच्या प्रदर्शनात तो स्वतः लिफ्टच्या पाळण्यात उभा राहिला आणि वरचा दोर कापायला लावला. पाळणा थोडा घसरला आणि थांबला. सुरक्षा ब्रेकवर लोकांचा विश्वास बसला तो असा.

ही दोन साधनं हाती आल्यावर लहान शहरांच्या नगरपालिकाही मागे राहिल्या नाहीत. कॅलिफोर्नियातल्या ओकलंडने १९१४ मध्ये उंच सिटी हॉल बांधला. अमेरिकेतली ही पहिली बहुमजली सरकारी इमारत मानतात. १९८९ च्या भूकंपात ती खिळखिळी झाली, तेव्हा पाडायची नाही असं ठरलं. कॉलम खालून कापून मध्ये रबरी बेअरिंग बसवले. जमीन हलली तरी इमारत त्या मानाने कमी हलावी, यासाठी. उभ्या इमारतीचे कॉलम कापायचे म्हणजे काय छातीचं काम असेल, विचार करा!

पण जळगावची खरी बहीण शोभते ती बफलोची इमारत. बफलो म्हणजे कालवा, रेल्वे आणि धान्याच्या व्यापारावर वाढलेलं शहर. आपलं जळगावही जंक्शन आणि व्यापारी पेठ. १९३० मध्ये बफलोची वस्ती पावणेसहा लाखांच्या आत. त्यांनी १९३१ मध्ये बत्तीस मजली सिटी हॉल पूर्ण केला, तोही मंदीच्या ऐन तडाख्यात! त्यात मला सगळ्यात आवडली ती हवेची सोय. शेजारी ईरी सरोवर आहे. तिकडून येणारा वारा पश्चिम बाजूच्या मोठ्या झडपांतून आत घ्यायचा, तळघराखालून फिरवून थंड करायचा आणि मग इमारतीत सोडायचा. खान्देश-वऱ्हाडच्या उन्हाळ्यात असलं काही सुचायला हवं होतं, असं वाटून गेलं.

उंची फुकट मिळत नाही, हे आपल्याला अप्लाइड मेकॅनिक्समध्ये शिकवतातच. वाऱ्याचा दाब सगळीकडे सारखा धरला तरी उंची दुप्पट झाली की पायथ्याशी येणारा मोमेंट चौपट होतो. पाण्याचंही तसंच. दहा मीटर उंचीला चौरस सेंटिमीटरला एक किलो, हा साधा हिशेब. मजला तीन मीटरचा धरला तर सतरा मजल्यांना पाच किलोहून जास्त दाब लागतो. गावातल्या टाकीचं पाणी आपल्या जोरावर तिथे चढणं शक्य नाही. म्हणजे जी संस्था गावाला पाणी देते तिलाच स्वतःच्या वरच्या मजल्यांसाठी पंप लागणार! (हे सूत्र हॉस्टेलच्या तिसऱ्या मजल्यावरच्यांना सकाळी सात वाजता न शिकवताही कळतं. रेक्टर सरांनी राग मानू नये.) शिवाय मजले वाढले की लिफ्टही वाढवाव्या लागतात. त्या लिफ्ट, जिने आणि पाइप प्रत्येक मजल्याची जागा खातात ती वेगळीच.

सुट्टीत हे सगळं आबांना, म्हणजे आजोबांना, मोठ्या उत्साहाने सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "टॅक्स भराले सतरा माड्या चढा लागते काय रे बापा?"

या प्रश्नाने मी गार झालो. फाउंडेशन, फ्रेम, वारा, पाणी, सगळं मी सांगितलं होतं. घरपट्टीची पावती हातात घेऊन आलेला म्हातारा माणूस माझ्या हिशेबात कुठेच नव्हता. लोकांची रोजची कामं तळमजल्यावर आणि वर फक्त फायली, असा नकाशा असेल तर आबांना सतरा काय, सत्तर मजल्यांचंही वावडं नाही. पण वीज गेली, लिफ्ट थांबली आणि टेबल अकराव्या मजल्यावर असलं, तर ती उंची कोणाच्या कामाची?

बफलोची पुढची गोष्टही त्यांना सांगितली. शहर पुढे आटत गेलं. २०२० च्या जनगणनेत वस्ती दोन लाख ७८ हजार, म्हणजे निम्म्याहून कमी. इमारत मात्र तशीच आहे, कामकाजही तिथूनच चालतं. आणि अठ्ठाविसाव्या मजल्यावरची गच्ची लोकांना फुकट बघता येते. पंचविसाव्यापर्यंत लिफ्ट, पुढे जिना. वरून सरोवर दिसतं.

आबा म्हणाले, "मंग बरं हाये. पन तिथंबी तीन माड्या चढाच लागते ना!"