पासवर्ड प्रोटेक्टेड पोथी!

शनिवारची रात्र. दिवाळे गावातली आमची वन रूम किचन. एका बाजूला सीबीडी बेलापूरच्या काचेच्या इमारती, दुसऱ्या बाजूला खाडी, होड्या आणि सुकत घातलेली जाळी. नेमके लाइट गेलेले. अशा वेळी माझ्या रूममेटला भुताखेतांशिवाय दुसरं काही सुचत नाही. त्या दिवशी विषय होता ‘नेक्रोनॉमिकॉन’. जादूची सगळी गुपितं असलेलं आणि वाचणाऱ्याला वेड लावणारं पुस्तक!

मी तिच्या उत्साहावर पाणी ओतलं. हे पुस्तक नव्हतंच मुळी. एच. पी. लव्हक्राफ्ट या अमेरिकन लेखकाने १९२०च्या दशकात आपल्या भयकथांसाठी ते कल्पनेतून रचलं. पण लोकांना ते इतकं खरं वाटलं, की लव्हक्राफ्ट गेल्यावर चाळीस वर्षांनी, १९७७ साली, न्यूयॉर्कमध्ये कुणी तरी त्याच नावाचं पुस्तक चक्क छापून विकलं.

‘‘शी! म्हणजे खरं असं काही नसतंच?’’ ती हिरमुसली.

असतं ना. आणि तेही अस्सल मराठीत.

कोड लँग्वेज, चौदाव्या शतकातली

शाळेत मराठीच्या पेपरला ‘लीळाचरित्र’ हे नाव आपण सगळ्यांनीच घोकलंय. मराठीतला पहिला मोठा गद्यग्रंथ, लेखक म्हाइंभट, दोन मार्क. आपण पुढच्या प्रश्नाकडे! पण या ग्रंथाची खरी स्टोरी एखाद्या थ्रिलरला लाजवेल अशी आहे.

तेराव्या शतकात चक्रधर स्वामींनी महानुभाव पंथ सुरू केला. त्यांच्यानंतर म्हाइंभटांनी गावोगाव हिंडून, ज्यांनी स्वामींना पाहिलं-ऐकलं होतं त्यांना गाठलं आणि एकेक आठवण टिपली. आमच्या भाषेत सांगायचं तर फील्ड रिपोर्टिंग. पुढे खिलजीच्या स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली, असं परंपरा सांगते. मग पाठांतरावरून ती पुन्हा उभी केली गेली.

एकदा पोळल्यावर माणूस ताकही फुंकून पितो. शिवाय पंथाच्या रहस्याची ही पोथी, ती भलत्याच्या हाती पडायला नको. म्हणून चौदाव्या शतकात पंथातल्या रवळोबासांनी तयार केली ‘सकळ’ लिपी. मग सुंदरी, अंक, शून्य, वज्र, सुभद्रा अशा आणखीही लिप्या आल्या.

आयडिया साधी. एका अक्षराच्या जागी दुसरं अक्षर लिहायचं. समजा, आपण ‘क’साठी ‘ग’, ‘म’साठी ‘प’ आणि ‘ळ’साठी ‘र’ ठरवलं, तर ‘कमळ’ होईल ‘गपर’. (ही किल्ली माझी हं, त्यांची नव्हे!) भाषा तीच, मराठीच, पण किल्ली नसेल तर पानभर नुसता गोंधळ. अशी किल्ली दीक्षा घेतलेल्यांनाच मिळे.

मानभावी कोण?

आता बाहेरच्या माणसाच्या नजरेतून बघा. काळी वस्त्रं घातलेले संन्यासी. संन्यासिनीसुद्धा! जातिभेद मानत नाहीत, मूर्तिपूजेपासून लांब. आणि वर कुणालाच वाचता न येणारी पुस्तकं. झालं! काही तरी काळंबेरं असणारच. माहिती नसली की अफवा फुकट मिळतात.

या अफवांचा डाग आपल्या भाषेत आजही आहे. ‘महानुभाव’चं बोलण्यात झालं ‘मानभाव’, आणि त्यावरून ‘मानभावी’, म्हणजे वरून गोड, आतून लबाड. ‘करणी कसाबाची, बोलणी मानभावाची’ ही म्हण आपण कोरड्या तोंडाने वापरतो. मी स्वतः एका लेखात एका पुढाऱ्याला ‘मानभावी’ म्हटलं होतं. शब्द झकास बसला म्हणून खूशही झाले होते. ती एका पंथाला दिलेली शिवी आहे हे मला माहीतच नव्हतं. मास कॉमच्या दोन वर्षांत कुणी सांगितलं नाही, आणि खरं सांगायचं तर मीही कधी शोधलं नाही.

कुलूप उघडलं, आणि...

पाचशेहून जास्त वर्षं ही पुस्तकं अशीच राहिली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपी उलगडली. वि. ल. भावे यांनी पंथाचं साहित्य मराठी वाचकांपुढे आणलं. १९३०च्या दशकात ह. ना. नेने यांनी लीळाचरित्र छापलं, तर १९७८ साली वि. भि. कोलते यांनी संपादित केलेली प्रत राज्य साहित्य संस्कृती मंडळाने काढली.

मग आत निघालं काय? वशीकरण? गुप्तधनाचा नकाशा? छे. निघाली ती माणसं. प्रवास, जेवणं, भांडणं, शंका विचारणाऱ्या बायका आणि त्यांना साध्या मराठीत उत्तरं देणारा गुरू. मासिक पाळीचा विटाळ धरू नये, शरीरातून इतर मळ बाहेर पडतात तसाच हाही एक, असं सांगणारं साहित्य या पंथाचं आहे. सातशे वर्षांपूर्वीचं! आणि आपल्या चकाचक सोसायट्यांमध्ये अजूनही ‘चार दिवस देवघरात नको’ चालू आहे.

मला सगळ्यात भिडली ती नागदेवाचार्यांची गोष्ट. चक्रधरांनंतरचे हे पंथप्रमुख. केशिराज पंडित संस्कृतात लिहू लागले, तेव्हा त्यांनी थांबवलं. का? तर त्याने माझ्या म्हाताऱ्या वंचित राहतील म्हणून. म्हणजे पोथी लिहिली ती म्हाताऱ्यांना कळावी म्हणून मराठीत. आणि तीच पुढे अशा अक्षरांत गेली, की शेजारच्या घरातल्या म्हातारीलाही ती कळू नये. कुलपाने पोथी वाचली, पण पंथाचं नाव बदनाम झालं. दोन्ही खरं आहे, आणि मला त्यातलं एक निवडता येत नाही.

आजीचा रिव्ह्यू

आमच्या घरमालकीण आजींना वाचता येत नाही. रविवारी दुपारी त्या जाळं घेऊन ओट्यावर बसल्या होत्या. माझ्या हातातलं जाडजूड पुस्तक बघून म्हणाल्या, ‘‘काय वाचतेस गो?’’

मी त्यांना सशाची लीळा सांगितली. शिकारी कुत्री मागे लागलेला ससा धावत येऊन स्वामींच्या मांडीखाली लपतो. शिकारी येतात, ससा मागतात. स्वामी म्हणतात, शरण आलेल्याला कसा देऊ?

आजींनी ऐकून घेतलं. मग शांतपणे विचारलं, ‘‘मंग आमी कोली लोकांनी खावाचा काय?’’

रूममेट खो-खो हसली. माझ्याकडे उत्तर नव्हतं. पण आजींनीच विषय पुढे नेला. त्यांच्या गावचा बहिरीदेव वर्षभर समुद्रात असतो, दिवाळीत कोळी पाण्यात उतरून त्याला वर आणतात, गावाला दर्शन घडतं आणि तो पुन्हा पाण्यात जातो. ‘‘लपलेला हाय म्हनून काय तो वंगाल झाला?’’ त्या म्हणाल्या.

मग सुईत दोरा ओवत त्यांनी फर्मावलं, ‘‘पुढचा वाच.’’