युद्धकालीन नागरिक आणि निवेदकाविना अनुबोधपट

युद्धाच्या छायेत जगणाऱ्या नागरिकांविषयी अनुबोधपट निर्माण करताना दिग्दर्शकापुढे प्रथम प्रश्न उभा राहतो तो असा की, पडद्यावरील माणसांच्या वतीने बोलावयाचे कोणी? १९४० साली हॅरी वॉट व हम्फ्री जेनिंग्ज यांनी तयार केलेल्या ‘लंडन कॅन टेक इट’ या लघुपटात हे काम क्वेंटिन रेनल्ड्स या अमेरिकन पत्रकाराकडे होते. अमेरिका तेव्हा तटस्थ होती व तेथील प्रेक्षकांची सहानुभूती संपादणे हा पटाचा उघड हेतू होता. बाँबवर्षावानंतर सकाळी कामावर निघालेला लंडनवासी त्यात दिसतो खरा. परंतु त्याच्या धैर्याची ग्वाही परकाच देतो.

जेनिंग्ज यांनी स्टुअर्ट मॅकॅलिस्टर या संकलकाच्या सहकार्याने १९४२ साली सिद्ध केलेल्या ‘लिसन टु ब्रिटन’मध्ये निवेदकच नाही. सुमारे २० मिनिटांच्या या पटात अर्थ वाहून नेतो तो ध्वनी: विमानांची घरघर, नृत्यगृहातील वाद्यवृंद, कारखान्यातील यंत्रे. कारखान्याच्या उपाहारगृहात फ्लॅनगन व ॲलन ही विनोदी जोडी गात असते. त्यांचे सूर विरतात न विरतात तोच प्रेक्षक राष्ट्रीय चित्रशाळेत मायरा हेस यांच्या पियानोवरील मोझार्ट ऐकू लागतो. तेथील श्रोत्यांत प्रत्यक्ष राणी बसलेली आहे. कामगार आणि राणी एकाच श्रोतृसमुदायातील आहेत, हे विधान कोणी शब्दांनी करीत नाही. ते दोन दृश्यांच्या सांध्यात घडते. निवेदकाचे वाक्य खोडून काढता येते, सांध्याला उत्तर देणे मात्र कठीण. (पटाच्या आरंभी लेनर्ड ब्रॉकिंग्टन यांचे प्रास्ताविक जोडण्यात आले. ते नसते तर काही बिघडले नसते.)

‘फायर्स वेअर स्टार्टेड’ (१९४३) मधील अग्निशामक खरे, आग मात्र चित्रीकरणासाठी लावलेली. यावर बनावटीचा आक्षेप घेतला जातो. पण श्रमाची रीत, म्हणजे दूरध्वनी कोण घेतो, पाण्याची नळी कोण धरतो, हे त्या माणसांच्या अंगवळणी पडलेले होते आणि तेच पडद्यावर उतरले. खरा आक्षेप गाळलेल्या गोष्टींविषयी घ्यावयास हवा. क्राउन फिल्म युनिट ही संस्था माहिती मंत्रालयाच्या अधीन होती. पडक्या घरांतून झालेली लूट, भीती, वर्गीय कटुता यांना तिच्या पटांत क्वचितच स्थान मिळाले. १९३७ साली सामान्यांच्या दैनंदिन जीवनाच्या नोंदींसाठी सुरू झालेल्या ‘मास ऑब्झर्व्हेशन’च्या संस्थापकांपैकी जेनिंग्ज एक होते; तेव्हा या गोष्टींबाबत ते अनभिज्ञ असतील असे मानणे अवघड आहे.

‘अ डायरी फॉर टिमथी’ (१९४५) मध्ये निवेदन परतते; ई. एम. फॉर्स्टर यांनी लिहिलेले व मायकेल रेडग्रेव्ह यांनी वाचलेले. पण आता ते ३ सप्टेंबर १९४४ रोजी जन्मलेल्या तान्ह्या मुलाला उद्देशून आहे. मागील युद्धानंतरची बेकारी एका वेल्श खाणकामगाराला आठवते, आणि ती पुन्हा येईल काय, हे निवेदक त्या बालकालाच विचारतो.