कॅमेरा कुणाकडे बघतोय?

२०२२ साली सूर्यफुलाच्या तेलाची पिशवी एकदम महागली होती, आठवतंय ना? आपल्या देशात येणारं हे तेल तेव्हा सर्वांत जास्त युक्रेनमधून यायचं आणि तिथं युद्ध पेटलं होतं. त्या देशाचे राष्ट्राध्यक्ष व्होलोदिमिर झेलेन्स्की यांच्यावरच्या एका माहितीपटाबद्दल आज बोलू या. त्याचं नाव ‘सुपरपॉवर’.

माहितीपट म्हणजे खऱ्या माणसांचा सिनेमा. हा केला अमेरिकेतले नट शॉन पेन आणि त्यांचे सहकारी ॲरन कॉफमन यांनी. झेलेन्स्कीही मूळचे विनोदी नट. शाळेतला मास्तर राष्ट्राध्यक्ष होतो, अशा मालिकेत त्यांनी काम केलं आणि २०१९ मध्ये ते खरोखरच निवडून आले. हीच नवलाची गोष्ट सांगायला चित्रीकरण सुरू झालं होतं. पण २४ फेब्रुवारी २०२२ ला रशियानं हल्ला केला. त्याच दिवशी पेन यांनी राजधानी कीव्हमध्ये त्यांची मुलाखत घेतली. देशावर बॉम्ब पडताहेत आणि समोर त्या देशाचा प्रमुख बोलतोय, असं चित्रण फार थोड्यांच्या हाती लागतं.

पण चित्र काढणारा आपल्या माणसावर भाळला की काय होतं, तेही इथं दिसतं. पेन यांनी पुढे स्वतःचा ऑस्कर पुरस्कारच झेलेन्स्कींकडे ठेवायला दिला. माहितीपटात पेन स्वतःही बरेच दिसतात; आम्हाला ते जरा जास्तच वाटलं. म्हणून माहितीपट खोटा ठरत नाही. फक्त तो जवळच्या माणसानं काढलेला आहे, एवढं ध्यानात ठेवून बघायचा.

आपल्या गटाच्या कार्यक्रमाचा फोटो बघा. मधोमध हार घातलेले पाहुणे असतात. सतरंज्या अंथरणाऱ्या, चहा करणाऱ्या बायका कडेला, नाहीतर फोटोबाहेरच. युक्रेनमध्ये १८ ते ६० वयाच्या बहुतेक पुरुषांना देश सोडायला बंदी होती. त्यामुळे लेकरं आणि म्हातारी माणसं घेऊन सीमा ओलांडली ती मुख्यतः बायकांनी. नेत्याचं चित्र बघताना त्या कुठं दिसतात, हे शोधत राहावं लागतं.

आमच्यातल्या एकीनं विचारलं, “त्यांची बायको कुठं होती?” ओलेना झेलेन्स्का दोन्ही मुलांसह देशातच, पण नवऱ्यापासून लांब, गुप्त ठिकाणी राहिल्या. जुलै २०२२ मध्ये त्या अमेरिकेच्या संसदेसमोर उभ्या राहिल्या आणि आकाशातून होणारे हल्ले अडवणारी शस्त्रं त्यांनी मागितली.